हुपर्ट्झ आणि बेचे यांची गल्लत थांबवा

'मेट्रोपोलिस' हा जर्मन मूकपट पाहिलेल्यांना यंत्रनगरी, यंत्रातली मारिया आणि दिग्दर्शक फ्रिट्झ लांग नव्याने सांगायला नकोत. पण त्याच्या संगीताचा विषय निघाला की कुणीतरी हमखास म्हणतं, "मूकपटांना काय, तयार तुकडे जोडायचे!" हे ऐकून माझं डोकं फिरतं, कारण यात त्याचा संगीतकार गॉटफ्रीड हुपर्ट्झचं श्रेय साफ बुडतं.

तयार तुकड्यांसाठी नाव घ्यायचं ते संगीतकार जुझेप्पे बेचेचं. माणूस मूळचा इटलीचा, कारकीर्द बर्लिनची. 1919 पासून त्याचे 'किनोथेक' नावाचे संच निघू लागले. रात्र, धोका, तणाव अशा प्रसंगांसाठीचे तुकडे त्यात असत आणि थिएटरचा संगीतप्रमुख समोरच्या चित्रपटाला शोभेल तो उचलायचा. काम चोख होतं, त्याला नावं ठेवायचं कारण नाही. शिवाय 1924 मध्ये दिग्दर्शक मुर्नाउच्या 'डेर लेट्स्टे मान' या मूकपटासाठी बेचेने स्वतंत्र संगीतही लिहिलं. तेव्हा फरक पद्धतीचा आहे, माणसांच्या लायकीचा नाही.

खरी मेख पुढे आहे. किनोथेकच्या तुकड्याला प्रसंगाचा भाव ठाऊक असतो, पण पडद्यावर कोण कधी वळलं हे ठाऊक नसतं. हुपर्ट्झने आधी 'डी निबेलुंगेन' (1924) आणि मग 'मेट्रोपोलिस' (1927) यांचं संगीत त्या-त्या चित्रपटासाठीच, मोठ्या वाद्यवृंदाकरता बांधलं. मृत्यूची आकृती आली की 'डीएस इरे'ची जुनी चर्चधून, कामगारांचा उठाव झाला की 'मार्सेयेज' या फ्रेंच क्रांतिगीताचे सूर. त्याच्या पियानोप्रतीत सुरांच्या वर दृश्यांच्या आणि पडद्यावरच्या मजकूरपाट्यांच्या हजाराहून अधिक खुणा आहेत. प्रदर्शनानंतर चित्रपटाला कात्री लागली, मूळ क्रम हरवला. पुढे जोडकाम करणाऱ्यांनी कुठलं दृश्य कुठे बसतं हे ठरवताना याच खुणांचा आधार घेतला. 2008 मध्ये बुएनोस आयरेसला सापडलेल्या प्रतीतली दृश्यं लावतानाही त्या कामी आल्या. किनोथेकच्या तुकड्यावरून हे कधीच जमलं नसतं.

जॉर्जिओ मोरोडरने 1984 मध्ये 'मेट्रोपोलिस'ला दिलेलं पॉप संगीत उघडच वेगळं आहे, त्यावर शब्द खर्चत नाही.

हुपर्ट्झ 1937 मध्ये, पन्नाशीही न गाठता गेला. त्याला ऐकायचं तर 'मेट्रोपोलिस'ची, ती सापडलेली दृश्यं जोडलेली 2010 ची आवृत्ती वाद्यवृंदासह लावा. कुठल्याही प्रतीवर भलतंच संगीत डकवून 'ओरिजिनल' म्हणून खपवलेले व्हिडिओ सरळ बंद करा.