चिऱ्याच्या मुलखातली वीट

रत्नागिरी-सिंधुदुर्गात घर बांधायला काढलं की आधी चिऱ्याची, म्हणजे जांभ्या दगडाच्या तासलेल्या ठोकळ्याची, चौकशी होते. कुठल्या खाणीचा, गाडीला काय पडतं, ठिसूळ तर नाही ना. वीट आठवते ती आतल्या आडभिंतींपुरती. त्यामुळे वीट ही मुंबईकडून आलेली नवी चीज, असा समज पक्का बसला आहे. उत्तर कोकणात तो अजिबात टिकत नाही.

नालासोपाऱ्याला ‘बुरुड राजाचा कोट’ म्हणून ओळखलं जाणारं टेकाड पुरातत्त्व-अभ्यासक पंडित भगवानलाल इंद्रजींनी १८८२ साली खणलं, तेव्हा आत विटांचा स्तूप निघाला. त्याच्या पोटात दगडी करंडा होता. करंड्यात तांब्याची, चांदीची, दगडाची, स्फटिकाची आणि सोन्याची डबी एकात एक बसवलेली, भोवती आठ ब्राँझच्या मूर्ती, शिवाय सोन्याची फुलं आणि सातवाहन राजा यज्ञश्री सातकर्णीचं चांदीचं नाणं. घारापुरीलाही लेण्यांपलीकडच्या टेकडीवर विटांच्या स्तूपाचे अवशेष आहेत. लेणी पाहून परतीची बोट गाठणारे तिकडे सहसा फिरकत नाहीत.

भाजलेली वीट तेव्हाही काही नवी नव्हती. हडप्पा, मोहेंजोदडोच्या विटांची उंची, रुंदी आणि लांबी साधारण १:२:४ या प्रमाणात असे. लांबी रुंदीच्या दुप्पट ठेवली की एका थरात वीट लांबीत, दुसऱ्या थरात रुंदीत लावता येते आणि सांध्यावर सांधा येत नाही. आजचा गवंडीही भिंत उचलताना याच हिशेबाने चालतो.

मग दक्षिण कोकणात वीट का रुजली नाही? सरळ कारण मातीचं. कल्याण, पनवेल, पेण या बाजूला खाड्यांकाठी गाळाची सपाट खाचरं आहेत. रत्नागिरीच्या सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, कुदळ मारली की लगेच कातळ लागतो. लाखो वर्षांच्या उष्म्याने आणि पावसाने काळ्या दगडातली सिलिका धुऊन गेली, लोह आणि ॲल्युमिनियम मागे राहिलं, त्याचा हा जांभा. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीतल्या डॉक्टर फ्रान्सिस बुकाननने १८०७ साली मलबारमधल्या याच दगडाला ‘लॅटेराइट’ म्हटलं. खाणीत असताना तो सहज कापता येतो, हवा लागली की विटेसारखा टणक होतो, आणि हिंदुस्थानात पाहिलेल्या कुठल्याही विटेपेक्षा ऊन-पाऊस चांगला सोसतो, असं त्याने नोंदवलं. त्याला ना साचा लागतो, ना भट्टी, ना जळण. शिवाय साधारण १४ इंच लांब, ९ रुंद आणि ७ उंच असा एक चिरा आठेक विटांची जागा भरतो. एवढं आयतं मिळत असताना विटा पाडायच्या कुणी?

अर्थात चिरा सगळ्यांना परवडत होता असंही नाही. किल्ले, देवळं, खोतांचे वाडे चिऱ्याचे. बाकीच्यांच्या भिंती मातीच्या, नाहीतर कारवीचा कूड शेणामातीने लिंपलेला. छपरावर कुंभाराची नळीची कौलं किंवा गवत. स्वित्झर्लंडच्या बासेल मिशन या ख्रिस्ती संस्थेने १८६५ साली मंगळुरात कौलांचा कारखाना काढला, आणि पुढे मंगलोरी कौलं कोकणभर पसरली. यंत्रावरची भाजलेली माती कोकणातल्या पुष्कळ घरांत आली ती अशी, छपरावरून.

जांभा सच्छिद्र असतो, पाणी पितो. म्हणून जुने लोक वर चुन्याचा गिलावा देत, आणि किनाऱ्यावर तो चुना शिंपले भाजूनही करत. जुन्या गोव्यातल्या बॉम जेझू चर्चचा गिलावा १९५० च्या दशकात, दगड दिसावा म्हणून काढून टाकला. १६०५ सालची ती वास्तू तेव्हापासून पावसात झिजते आहे. हल्ली होमस्टेवाले हौसेने उघडा चिरा ठेवतात, त्यांनी एकदा तिकडे जाऊन यावं.

उत्तरेला विटेला गिऱ्हाईक मिळालं ते मुंबईचं. भातकापणी झाली की खाचरांत भट्ट्या लागतात. चिखल तुडवून, त्यात तूस मिसळून गारा करायचा, साच्यात दाबायचा, हाताने वर सपाट करून साचा उपडा घालायचा. विटेच्या मधोमध मालकाच्या नावाची अक्षरं खोलगट उमटतात. त्या खळग्यात पुढे बांधकामाचा मसाला धरतो. वाळलेल्या विटा कोळसा-तुसाबरोबर रचून बाहेरून मातीने लिंपतात. कडेच्या विटा कच्च्या राहतात, आच जास्त लागलेल्या काळ्या-वाकड्या होतात, आणि दर मधल्यांचा ठरतो. हे काम करणाऱ्यांत कातकरी मोठ्या संख्येने. पावसाळ्यात हाती पैसा नसताना घेतलेली उचल फेडायला अख्खं कुटुंब दिवाळीनंतर भट्टीवर जातं, पोरांची शाळा तिथेच सुटते. वेठबिगारी कायद्याने १९७६ साली बंद झाली. उचल चालूच आहे आणि तिचा हिशेब मालकाच्या वहीत असतो.

औष्णिक वीजकेंद्रांच्या परिसरात विटांमध्ये राख वापरण्याची सक्ती केंद्र सरकारने १९९९ साली आणली. मोठ्या इमारतींच्या भिंती आता हलक्या ब्लॉकच्या उभ्या राहतात, ज्यांना साइटवर सर्रास सिपोरेक्स म्हणतात. लाल विटेला गिऱ्हाईक उरलंय ते मुख्यतः गावाकडच्या एक-दोन मजली घरांचं.