घरे पाचशे, पुरावा पंच्याऐंशीचा

पावसाळा सुरू झाला की नागपूरच्या वृत्तपत्रांत एका ठरावीक साच्यातील बातमी नेमाने येऊ लागते. महापालिकेच्या पथकांनी अमुक झोनमध्ये इतक्या घरांची तपासणी केली, त्यांपैकी इतकी घरे ‘दूषित’ आढळली, इतक्या कूलरमध्ये डेंग्यूच्या डासांच्या अळ्या सापडल्या, इतके कूलर रिकामे करण्यात आले. अळ्या नष्ट करणे हाच त्या तपासणीचा हेतू असल्यामुळे, जेथे त्या असण्याचा संभव अधिक तेथे पथकाने आधी जावे, हे योग्यच आहे. घोटाळा वाचणाऱ्याकडून होतो. पाचशे घरांपैकी शंभर घरांत अळ्या सापडल्या असे वाचताच तो हिशेब करतो की शहरातील दर पाचवे घर दूषित आहे. आणि कोणी शंका काढलीच तर ‘पाचशे घरे म्हणजे काय थोडी झाली?’ हे उत्तर तयार असते.

पाचशे घरे थोडी की पुष्कळ, हे ती किती वस्त्यांतून घेतली यावर अवलंबून असते. शितावरून भाताची परीक्षा होते, कारण एका पातेल्यातील भात सारखाच शिजतो. पण शहरात पातेली हजारो असतात आणि एका पातेल्यातील पन्नास शिते चेपून पाहिली तरी शेजारच्या पातेल्यातील भात कच्चा आहे की नाही ते कळत नाही.

तरीही बहुतेक मोठी सर्वेक्षणे वस्तीवस्तीनेच केली जातात आणि त्याला व्यवहारी कारण आहे. प्रत्येक घर सुटेपणाने चिठ्ठी टाकून निवडायचे तर आधी सर्व घरांची यादी हवी, आणि ती मिळाली तरी एका घरासाठी शहराच्या पश्चिमेच्या वाडीला आणि दुसऱ्यासाठी पूर्वेच्या पारडीला जावे लागेल. म्हणून आधी काही गावे किंवा वस्त्या चिठ्ठीने निवडायच्या आणि मग त्यांच्यातील काही घरे निवडायची, या पद्धतीला समूह-नमुना निवड म्हणतात. क्षेत्रावर काम करणारे तिला सरळ ‘क्लस्टर सर्वे’ म्हणतात. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात निवडलेल्या प्रत्येक समूहातून २२ कुटुंबे घेतली होती. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेने २०२० च्या मे-जूनमध्ये कोरोनाच्या प्रतिपिंडांचे जे पहिले देशव्यापी सर्वेक्षण केले, त्यात ७० जिल्हे, प्रत्येक जिल्ह्यात १० समूह आणि प्रत्येक समूहात ४० प्रौढ व्यक्ती अशी रचना होती.

या पद्धतीची किंमत कोठे मोजावी लागते, ते मला या विषयातील सर्वांत सुंदर प्रकरण वाटते, म्हणून तेथे थोडे रेंगाळू.

एकाच वस्तीतील घरे एकमेकांसारखी असतात. नळाला पाणी एक दिवसाआड येत असेल तर ओळीतील प्रत्येक घरासमोर भरलेला ड्रम दिसतो. लेआउटमध्ये मधले चार प्लॉट रिकामे पडून तेथे पाणी साचत असेल, तर त्याचे डास भोवतालच्या सर्वच घरांत शिरतात. फवारणी झाली तर सर्वांकडे होते, नाही तर कोणाकडेच होत नाही. त्यामुळे पहिल्या दहा घरांत अळ्या सापडल्यावर अकरावे घर आपल्याला फारसे नवे काही सांगत नाही. या सारखेपणाचे माप म्हणजे समूहांतर्गत सहसंबंध. त्याला आपण ‘स’ म्हणू. घराघरांतील एकूण फरकापैकी किती वाटा वस्त्यावस्त्यांमधील फरकाचा आहे, हे ‘स’ दाखवतो. तो शून्य असेल तर शेजारी आणि परका यांत भेद नाही. तो १ असेल तर वस्तीतील एक घर पाहिले की सारी वस्ती पाहिली.

समजा ‘स’ ०.१ आहे, म्हणजे फरकाचा केवळ दहावा हिस्सा वस्त्यांमधला आहे. वस्ती दर वस्ती ‘म’ घरे घेतली, तर सुटी घरे निवडली असती त्या मानाने अंदाजातील विचरण (नमुना बदलला की अंदाज किती हलतो याचे माप) १ + (म − १) × स इतक्या पट होते. या पटीला ‘डिझाइन इफेक्ट’ म्हणतात. संख्याशास्त्रज्ञ लेस्ली किश यांच्या १९६५ च्या ग्रंथामुळे ही संज्ञा रूढ झाली. आता दहा वस्त्या आणि प्रत्येकी पन्नास घरे घ्या. १ + ४९ × ०.१ म्हणजे ५.९. पाचशेला ५.९ ने भागले की ८५ उरतात. पाचशे घरांचे दरवाजे ठोठावले, पण हाती माहिती आली ती सुट्या निवडलेल्या ८५ घरांइतकी. तीच पाचशे घरे पन्नास वस्त्यांतून दहा-दहा अशी घेतली असती तर पट १.९ झाली असती आणि माहिती २६३ घरांच्या तोलाची मिळाली असती.

येथे अनेकांना सुचणारा उपाय म्हणजे घरे वाढवणे. त्याच दहा वस्त्यांत पन्नासऐवजी शंभर घरे पाहिली, तर एक हजार घरांचा आकडा बातमीत भारदस्त दिसेल. पण पट १०.९ होते आणि १००० भागिले १०.९ म्हणजे ९२. पाचशे घरांचे श्रम वाढवून पदरात पडली ती सात घरे. याच दहा वस्त्यांतील एकूण एक घर तपासले तरी ही संख्या वस्त्या भागिले ‘स’, म्हणजे १०० च्या पलीकडे जाऊ शकत नाही. (शहरातील वस्त्या पुष्कळ आहेत आणि आपण त्यांपैकी थोड्याच निवडल्या आहेत, असे येथे गृहीत धरले आहे.) कारण उघड आहे. अंदाजातील चुकीचे दोन भाग असतात: वस्तीच्या आतील फरकामुळे येणारा आणि वस्त्यावस्त्यांमधील फरकामुळे येणारा. पहिला भाग घरे वाढवून घटतो, दुसरा केवळ वस्त्या वाढवून.

मग प्रत्येक वस्तीतून एकच घर का घेऊ नये? कारण वस्तीपर्यंत पोहोचण्याचाही खर्च असतो. नव्या वस्तीत जाण्याचा खर्च एका घराच्या मुलाखतीच्या खर्चाच्या ‘ख’ पट असेल, तर ठरलेल्या पैशांत सर्वांत अचूक अंदाज मिळण्यासाठी प्रत्येक वस्तीतून घ्यायची घरे म्हणजे ख × (१ − स) ÷ स याचे वर्गमूळ. ‘ख’ २० आणि ‘स’ ०.१ असेल तर १८० चे वर्गमूळ, म्हणजे १३ घरे. ‘स’ ०.०२ वर उतरला तर हेच उत्तर ३१ होते. हे सूत्र सोडून वाचले तरी चालेल, परंतु सर्वेक्षणांतील ७, २२, ४० असे आकडे कोणाच्या लहरीने ठरत नाहीत, हे त्यावरून ध्यानात यावे.

सातचा आकडा लसीकरणाच्या प्रसिद्ध ‘तीस गुणिले सात’ पद्धतीतला आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या विस्तारित लसीकरण कार्यक्रमाने ती जगभर नेली. लसीकरणाचे प्रमाण दहा टक्के इकडे किंवा तिकडे इतक्या अचूकतेने, ९५ टक्के विश्वासाने सांगायचे, तर सुटी मुले ९६ लागतात. डिझाइन इफेक्ट दोन धरला की १९२. तीस समूहांत वाटली की प्रत्येकी ६.४, म्हणून सात, एकूण २१०. समूह निवडण्यासाठी गावांची यादी करून लोकसंख्येची चढती बेरीज मांडतात, एकूण बेरजेला तीसने भागून अंतर काढतात आणि पहिला आकडा यादृच्छिक, म्हणजे चिठ्ठीने, घेऊन त्या अंतराने पुढे जातात. त्यामुळे मोठ्या गावाला निवडले जाण्याची संधी लोकसंख्येच्या प्रमाणात अधिक मिळते. हा यादृच्छिक आकडा खिशातील नोटेच्या क्रमांकावरून घेण्याची सोयही प्रशिक्षणात सांगितली जाई.

इथपर्यंतचे गणित निर्दोष आहे. पुढे गावात शिरल्यावर मात्र जुन्या पद्धतीत मध्यभागी उभे राहून बाटली फिरवायची, तिचे तोंड जिकडे जाईल त्या दिशेतील एक घर निवडायचे आणि मग लगतच्या घरांत जात सात मुले पुरी करायची. चावडीपासून निघणाऱ्या या वाटेवर मधली घरे वारंवार येतात आणि गावकुसाबाहेरची वस्ती क्वचित येते. ज्या मुलांपर्यंत लस पोहोचलेली नसण्याचा संभव सर्वाधिक, नेमकी तीच अशा सर्वेक्षणातून सुटत. संघटनेच्या नव्या मार्गदर्शिकेत हा बाटलीचा खेळ बंद करून घरांची रीतसर यादी करण्यावर भर दिला आहे, तो या कारणासाठी.

मोजणीकडून प्रयोगाकडे वळले की हेच तत्त्व अधिक कठोर रूपात भेटते. औषधाच्या चाचणीत सामान्यतः प्रत्येक रुग्ण चिठ्ठीने एका किंवा दुसऱ्या गटात जातो. परंतु जेथे आशाताईंना काही शिकवायचे आहे, तेथे त्याच ताईंनी एका घरी शिकलेले वापरावे आणि शेजारच्या घरी विसरावे, अशी अपेक्षा करता येत नाही. लशींच्या बाबतीत आणखी एक कारण असते. कोलकात्यात टायफॉइडच्या लशीची चाचणी ८० वस्त्या चिठ्ठीने वाटून केली होती. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार लस घेतलेल्यांना ६१ टक्के संरक्षण मिळाले, आणि त्याच वस्त्यांतील लस न घेतलेल्या शेजाऱ्यांनाही ४४ टक्के. माणसे सुटी वाटली असती तर शेजाऱ्यांचा हा लाभ दिसला नसता, आणि लशीचा गुणही प्रत्यक्षाहून कमी भासला असता.

अशा समूह-यादृच्छिक चाचण्यांपैकी एक महत्त्वाची चाचणी नागपूरच्या परिसरात झाली, हे नागपूरकरांपैकी फार थोड्यांना ठाऊक असेल. अकाली प्रसूतीची चिन्हे दिसणाऱ्या मातेला स्टिरॉइडची इंजेक्शने दिली की बाळाची फुप्फुसे लवकर परिपक्व होतात, हे मोठ्या रुग्णालयांत सिद्ध झालेले होते. हीच इंजेक्शने गावपातळीवरच्या आरोग्य कर्मचाऱ्यांमार्फत दिली तर बाळे वाचतील का, हा प्रश्न २०११ ते २०१४ या काळात सहा देशांतील सात केंद्रांवर तपासला गेला. भारतातील दोन केंद्रे बेळगाव आणि नागपूर ही होती. प्रत्येक केंद्राच्या आसपासचे भाग चिठ्ठीने दोन गटांत वाटले. कर्मचाऱ्यांच्या हाती औषधाचा संच दिला आणि गर्भाशयाची उंची मोजून दिवस किती भरले ते अजमावण्यासाठी एक फीत दिली. अखेरपर्यंत टिकलेले समूह १०१ होते आणि त्यांत सुमारे ९८ हजार जिवंत जन्म नोंदले गेले.

अगदी कमी वजनाच्या बाळांमध्ये मृत्यूचे प्रमाण दोन्ही गटांत जवळजवळ सारखे निघाले: दर हजारी २२५ आणि २३२. सर्व बाळे एकत्र घेतली तर मात्र इंजेक्शनांच्या गटात दर हजारी २७.४ बाळे दगावली आणि तुलना गटात २३.९. उपायाने सरासरीत नुकसान केले होते. इंजेक्शन मिळालेल्या बऱ्याच मातांची बाळे मुळात लहान नव्हतीच, आणि त्या गटात मातांमध्ये संसर्गाचा संशयही अधिक आढळला. पुढे भारतासह पाच देशांतील रुग्णालयांत, प्रत्येक मातेची वेगळी चिठ्ठी टाकून झालेल्या आणि २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत स्टिरॉइडने बाळांचे मृत्यू २३.५ टक्क्यांवरून १९.६ टक्क्यांवर आणले. दोन्ही निष्कर्ष खरे आहेत. सोनोग्राफीने दिवस नेमके मोजून, अतिदक्षता कक्ष हाताशी असताना दिलेले औषध काय करते, हे दुसऱ्या चाचणीने सांगितले. तेच औषध एका आरोग्ययंत्रणेत सोडले तर काय होते, हे पहिल्या चाचणीने सांगितले. यंत्रणेबद्दलचा हा प्रश्न समूहांशिवाय विचारताच येत नाही.

मात्र चिठ्ठी समूहाची टाकली असेल तर हिशेबही समूहाचाच करावा लागतो. संख्याशास्त्रज्ञ जेरोम कॉर्नफील्ड यांनी १९७८ मध्येच बजावले होते की समूह वाटायचे आणि विश्लेषण मात्र माणसे वाटल्यासारखे करायचे, ही आत्मवंचना आहे. उत्तर प्रदेशातील ‘देवता’ या चाचणीत अ जीवनसत्त्वाच्या मात्रेने बालमृत्यू घटतात का ते पाहिले गेले. मुले सुमारे दहा लाख, पण चिठ्ठी टाकलेले ब्लॉक ७२. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेला अंदाज चार टक्के घट असा होता आणि त्याची विश्वास-मर्यादा, म्हणजे खरे उत्तर ज्या पट्ट्यात असण्याचा भरवसा धरता येतो ती व्याप्ती, अकरा टक्के घटीपासून तीन टक्के वाढीपर्यंत पसरलेली होती. दहा लाख मुले असूनही ती एवढी रुंद का, असे ज्याला वाटेल त्याने पाहावे: एका ब्लॉकमध्ये सुमारे १४ हजार मुले असताना ‘स’ केवळ एक हजारांश धरला तरी डिझाइन इफेक्ट १५ होतो. ‘स’ लहान आहे म्हणून तो सोडून देता येत नाही.

साथीच्या दिवसांत एखाद्या वस्तीत काढा किंवा मंतरलेले धागे वाटतात आणि ‘दोन हजार लोकांना दिले, शेजारच्या वस्तीपेक्षा निम्मेच आजारी पडले’ असा दाखला मिरवतात. या प्रयोगात माणसे दोन हजार असली तरी समूह एकास एक आहेत. दोन वस्त्यांमध्ये आधीपासून असलेला फरक आणि काढ्याचा परिणाम या दोन गोष्टी वेगळ्या काढण्याचा मार्गच त्यात उरत नाही. हाच आक्षेप एक शाळा विरुद्ध एक शाळा अशी तुलना करून नवे ॲप विकणाऱ्यांनाही लागू आहे, जरी त्यांचे माहितीपत्रक अधिक गुळगुळीत कागदावर छापलेले असले तरी.

गडचिरोलीत नवजात बालकांच्या घरोघरी केलेल्या देखभालीचा जो अभ्यास १९९९ मध्ये प्रसिद्ध झाला, त्यात ३९ गावांची ४७ गावांशी तुलना होती. ती गावे चिठ्ठीने वाटलेली नव्हती, त्यामुळे त्याला यादृच्छिक चाचणी म्हणता येणार नाही. पण दोन्ही बाजूंना गावे अनेक होती, आणि काढ्याच्या दाखल्यापासून त्याला वेगळे करणारी एक गोष्ट ही आहे.

संमतीचा प्रश्न यात अवघड आहे. गावाची चिठ्ठी निघते तेव्हा गावातील एखाद्या बाईला विचारलेले नसते. उस्मानाबाद, म्हणजे आताच्या धाराशिव जिल्ह्यात ५२ समूहांतील १,३१,७४६ स्त्रियांवर गर्भाशयमुखाच्या कर्करोगाच्या तपासणीची चाचणी झाली, आणि एचपीव्ही विषाणूची एकदा केलेली चाचणीही या कर्करोगाचे मृत्यू जवळजवळ निम्मे करते, हे तिने २००९ मध्ये दाखवले. तुलना गटातील स्त्रियांना तपासणीऐवजी नेहमीचीच सेवा मिळाली, यावर पुढे तीव्र टीका झाली. ती मला पूर्णपणे बाजूला सारता येत नाही. समूहांवरील चाचण्यांत परवानगी कोणी, कोणाच्या वतीने आणि केव्हा द्यावी, यासाठी २०१२ मध्ये ओटावा निवेदन तयार झाले. तुलना गट कायमचा वंचित राहू नये यासाठी पायरीपायरीने उपाय पोहोचवण्याची रचनाही वापरतात. ऐंशीच्या दशकात गांबिया या देशात हेपॅटायटिस बी ची लस तशीच आणली गेली: सर्वत्र एकदम पोहोचवणे शक्यच नव्हते, म्हणून कोणत्या भागाला आधी आणि कोणत्या भागाला नंतर हा क्रम चिठ्ठीने ठरवला आणि सुमारे चार वर्षांत देश पुरा केला. तेथे लस मिळालेले आणि न मिळालेले यांच्यातील फरकात काळाचाही फरक मिसळतो, म्हणून विश्लेषणात वर्षाचा परिणाम वेगळा काढावा लागतो, आणि समूहांची संख्या अपुरी असेल तर तो नीट निघत नाही.