कणकुंबीचा पाऊस आणि दंडावरची शुगर

आईच्या दंडावर सतत शुगर मोजणारा नाण्याएवढा सेन्सर लावला त्याच रात्री पावणेतीनला तिची शुगर ५४ वर, म्हणजे फारच खाली उतरली होती. सकाळी उपाशीपोटी बोट टोचलं तर १३०. "बरी हाय की रे," हे तिचं रोजचंच. रात्री उशी घामाने भिजायची ती उकाड्याने, असं आम्ही खानापुरात कित्येक महिने धरून चाललो होतो.

हा सेन्सर काही आजकालचा नाही. १९६२ साली लेलँड क्लार्क आणि चॅम्प लायन्स यांनी शस्त्रक्रियेच्या वेळी सतत मोजमाप करता यावं म्हणून इलेक्ट्रोडवर ग्लुकोज ऑक्सिडेज हे विकर (एन्झाइम) बसवण्याची कल्पना मांडली. हे विकर ऑक्सिजन वापरून ग्लुकोजचं रूपांतर करतं; किती ऑक्सिजन खर्ची पडला यावरून ग्लुकोज कळतं. पुढे त्यातून तयार होणारं हायड्रोजन पेरॉक्साइड विजेच्या प्रवाहाने मोजू लागले. खरी अडचण कातडीखाली आली. तिथे ग्लुकोज भरपूर, ऑक्सिजन तुटपुंजा. म्हणून सेन्सरवर असा पातळ पडदा चढवावा लागला, जो ग्लुकोजला अडवून बेताबेतानेच आत सोडतो. मला तर सगळ्या यंत्रात हा पडदाच मोलाचा वाटतो. १९८२ मध्ये जपानच्या मोतोआकी शिचिरी यांनी सुईसारखा सेन्सर कातडीखाली घालून दाखवला.

१९९९ मध्ये मिनिमेड या कंपनीच्या यंत्राला अमेरिकेत मंजुरी मिळाली. तीन दिवस अंगावर, दर ५ मिनिटांनी एक नोंद, म्हणजे दिवसाला २८८. पण पेशंटला आकडा दिसतच नसे! यंत्र डॉक्टरांकडे नेल्यावरच आलेख उघडायचा. शिवाय यंत्राचा हिशेब जुळवायला रोज बोट टोचणं होतंच. तरी रात्रीची घसरण डोळ्यांनी दिसू लागली, हे फार मोठं काम झालं.

एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवायला हवी. सेन्सर रक्तातली नव्हे, पेशींच्या आजूबाजूच्या पाण्यातली शुगर मोजतो. वर उगमाशी, कणकुंबीला पाऊस कोसळला तरी मलप्रभा नदी खानापूरच्या पुलाशी लगेच चढत नाही, तसंच हे. साखर झपाट्याने बदलत असली की आकडा काही मिनिटं मागे राहतो.

डॉक्टरांनी आईचं रात्रीचं इन्सुलिन कमी केलं. तरी हातपाय थरथरले आणि सेन्सर ९० दाखवत असला, तर ती आधी बोट टोचते. वर कणकुंबीला पाणी ओसरलेलं असतं, पुलाखाली ते अजून दिसायचं असतं.