ठिपकेदार लँटर्नफ्लाय

ठिपकेदार लँटर्नफ्लाय हा झाडांचा रस शोषून जगणारा, मूळचा चीनमधला एक मोठा तुडतुडा आहे. शास्त्रीय नाव लायकॉर्मा डेलिकॅट्युला, गण हेमिप्टेरा, कुळ फुल्गोरिडी. अमेरिकेत तो २०१४ साली प्रथम सापडला आणि पुढच्या दहा वर्षांत पेनसिल्व्हेनियातून मिशिगन, इलिनॉय, टेनेसी, जॉर्जियापर्यंत जाऊन पोहोचला. तेथील द्राक्षबागांना त्याचा मोठा उपद्रव होतो. नाव मात्र दोन्ही अंगांनी फसवे आहे. फ्लाय म्हणजे माशी, पण हा माश्यांच्या गणातला नाही. लँटर्न म्हणजे कंदील, पण हा उजेड देत नाही. याच कुळातल्या दक्षिण अमेरिकेतील काही जातींचे डोके पुढे फुगलेले असते आणि त्यातून रात्री प्रकाश पडतो, असा समज अठराव्या शतकात युरोपात पसरला होता. समज गेला, नाव राहिले.

अमेरिकेतील प्रवेश

पेनसिल्व्हेनिया राज्याच्या आग्नेय भागातील बर्क्स काउंटीत सप्टेंबर २०१४ मध्ये या किडीची पहिली नोंद झाली. आशियातून आलेल्या दगडांच्या मालाला चिकटलेली अंडी २०१२ च्या सुमारास तेथे उतरली असावीत, असे मानले जाते. म्हणजे कोणाच्या नजरेस पडण्याआधी किडीला निदान दोन हंगाम मोकळे मिळाले. दक्षिण कोरियात ती २००४ पासून नोंदली गेली होती आणि तेथील द्राक्षबागांना तिने दिलेला त्रास शास्त्रज्ञांना ठाऊक होता. त्यामुळे बर्क्स काउंटीतील शोधाकडे कोणी दुर्लक्ष केले नाही. नोव्हेंबर २०१४ मध्येच राज्याने तेथे संगरोध (क्वारंटाइन) लागू केला. तरीही २०१७ मध्ये डेलावेअर, २०१८ मध्ये व्हर्जिनिया, न्यू जर्सी आणि मेरीलँड, २०२० मध्ये ओहायो आणि २०२१ मध्ये इंडियाना अशी ती पसरत गेली. फेब्रुवारी २०१८ मध्ये अमेरिकेच्या कृषी खात्याने १.७५ कोटी डॉलरचा तातडीचा निधी दिला. तोवर सुरुवातीच्या भागातून कीड समूळ नष्ट करण्याची वेळ बहुतेक टळून गेली होती.

ओळख

प्रौढ कीटक ओळखायला एका चित्राची गरज आहे, त्याहून जास्त नाही. लांबी सुमारे २५ मिलिमीटर. पंख मिटून बसलेला असताना तो राखाडी दिसतो, वर काळे ठिपके, आणि पंखांच्या टोकाला विटांच्या बांधकामासारखी बारीक काळी नक्षी. डिवचला की तो पंख उघडतो आणि मग मागच्या पंखांचा भडक लाल रंग, त्यावरचे काळे ठिपके आणि मधला पांढरा पट्टा दिसतो. पोट पिवळे, काळ्या पट्ट्यांचे. तो उडण्यापेक्षा उड्या मारण्यात तरबेज आहे. लांब जायचे असेल तर उंचावर चढून हवेत तरंगत खाली येतो. वर्तमानपत्रांतून बहुधा पंख पसरून टाचणीला लावलेल्या नमुन्याचे छायाचित्र छापले जाते, आणि त्यामुळे लोक बागेत लाल किडा शोधत राहतात. प्रत्यक्षात खोडावर बसलेला तुडतुडा सालीच्या रंगात मिसळून जातो.

वर्षाला एकच पिढी होते, म्हणून कोणत्या महिन्यात काय दिसेल हे बरेचसे ठरलेले असते. पेनसिल्व्हेनियात एप्रिलच्या अखेरीपासून जूनपर्यंत अंडी फुटतात. पिल्लाच्या चार अवस्था आहेत. पहिल्या तीन अवस्थांत ते काळे असून अंगावर पांढरे ठिपके असतात. अगदी लहान पिल्लू जेमतेम काही मिलिमीटरचे असते आणि ते गोचीड समजले जाते. तिसऱ्यांदा कात टाकली की ते लाल होते, काळ्या पट्ट्यांवर पांढरे ठिपके तसेच राहतात. ही चौथी अवस्था साधारण जुलैमध्ये दिसते आणि त्याच महिन्याच्या उत्तरार्धात प्रौढ दिसू लागतात. सप्टेंबरपासून कडाक्याची थंडी पडेपर्यंत माद्या अंडी घालतात. प्रौढ हिवाळ्यात मरतात, अंडी मात्र टिकतात.

सगळी गोम या अंड्यांत आहे. एका पुंजात साधारण ३० ते ५० अंडी ओळींत मांडलेली असतात. मादी त्यांवर मेणासारखा लेप देते. ताजा लेप पांढरट, ओलसर दिसतो. वाळल्यावर तो राखाडी होतो, त्याला भेगा पडतात आणि तो उडालेल्या चिखलाच्या डागासारखा दिसू लागतो. जागेबाबत मादी चोखंदळ नसते. झाडाची साल, दगड, गंजलेले पत्रे, कुंपणाचे खांब, अंगणातल्या खुर्च्या, मोटारीच्या चाकामागची पोकळी, मालगाडीचे डबे, लाकडी पॅलेट यांपैकी काहीही तिला चालते. चिखलाचा डाग कोण निरखून पाहणार? तो सप्टेंबर ते जून एवढा काळ तेथेच राहतो आणि गाडीबरोबर शेकडो किलोमीटर जातो. प्रौढ स्वतःच्या बळावर इतके अंतर कधीच कापत नाही. नव्या वसाहती रेल्वेमार्ग, महामार्ग आणि गोदामे यांच्या आसपास वारंवार सापडल्या त्या यामुळेच.

स्पंजी मॉथ या पतंगाचे अंडीपुंजही खोडांवर असतात. मात्र ते पिवळसर तपकिरी आणि केसाळ असतात. प्रार्थनाकीटकाचा अंडकोश फेस गोठल्यासारखा फुगीर दिसतो. फुटून गेलेल्या जुन्या पुंजावरचा लेप झडतो आणि भोके पडलेल्या तपकिरी बियांच्या रांगा उरतात. तो खरवडण्यात अर्थ नाही; पण आजूबाजूला बारीक पाहणी करायला हवी हे तो सांगतो.

खाद्य आणि नुकसान

शंभरहून अधिक वनस्पतींवर ही कीड आढळली आहे. द्राक्ष, काळा अक्रोड, लाल मॅपल, रुपेरी मॅपल, विलो, नदीकाठचा बर्च आणि बिअरसाठी लागणारा हॉप्सचा वेल या त्यांतल्या ठळक. तिची सर्वांत आवडती वनस्पती मात्र स्वर्गवृक्ष ही आहे. आयलँथस अल्टिसिमा असे शास्त्रीय नाव असलेले हे झाड महारुखाच्याच प्रजातीतले. तेही चिनी. विल्यम हॅमिल्टन यांनी ते १७८४ मध्ये फिलाडेल्फियात शोभेसाठी आणले आणि पुढे ते रेल्वेच्या कडेने, पडीक जागांत, फुटपाथच्या फटींत तणासारखे माजले. तुडतुडा आला तेव्हा त्याचे माहेरचे झाड त्याच्या आधी सव्वादोनशे वर्षे येऊन बसलेले होते. या झाडाच्या रसातील कडू द्रव्ये कीटकाच्या शरीरात साठतात आणि ती खाल्लेले तुडतुडे पक्ष्यांना कमी रुचतात, असे अभ्यासांत दिसले आहे. स्वर्गवृक्षाशिवायही जीवनचक्र पूर्ण होऊ शकते. त्यामुळे ते झाड तोडले की प्रश्न मिटला, असे होत नाही.

कीड पाने कुरतडत नाही, फळांना तोंड लावत नाही. सोंडेने ती खोड आणि फांद्यांमधला अन्नरस ओढते आणि जास्तीची साखर चिकट थेंबांच्या रूपाने खाली टाकते. मावा पडलेल्या झाडाखाली जसा चिकटपणा असतो तसाच, पण एका खोडावर शेकड्यांनी तुडतुडे असले की थेंब अक्षरशः पावसासारखे पडतात. या चिकट्यावर काळी बुरशी वाढते. पानांवर काजळी चढते, लाकडी ओसऱ्या आणि मोटारी काळवंडतात, गांधीलमाश्या गोळा होतात. मधमाश्याही हा स्राव गोळा करतात आणि त्यापासून गडद, धुरकट चवीचा मध तयार होतो. तो काही ठिकाणी विकलाही जातो. माणसाला किंवा पाळीव प्राण्याला हा कीटक चावत नाही, डंख मारत नाही.

झाडांच्या बाबतीत सुरुवातीला भीती जास्त होती. दहा वर्षांच्या अनुभवानंतर चित्र बरेच स्पष्ट आहे: कीड लागून मेल्याची खात्रीची उदाहरणे द्राक्षवेल, स्वर्गवृक्ष आणि काळ्या अक्रोडाची रोपे एवढ्यांचीच आहेत. मोठे मॅपल, विलो दुबळे होतात, पण बहुधा तगतात. सफरचंद आणि पीचच्या बागांत प्रौढ दिसतात. मात्र धास्ती होती तसे कायमचे नुकसान तेथे झालेले नाही. द्राक्षाची गोष्ट वेगळी. ऑगस्टच्या अखेरीपासून प्रौढांच्या झुंडी लगतच्या जंगलातून बागेत उतरतात आणि वेलीने हिवाळ्यासाठी मुळांत साठवायचे अन्न शोषून घेतात. अशी वेल थंडीत गारठून मरते, किंवा पुढच्या वर्षी तिला घड धरत नाहीत. पेनसिल्व्हेनिया स्टेट विद्यापीठाच्या २०१९ च्या आर्थिक अभ्यासाने राज्याचे तेव्हाचे नुकसान वर्षाला सुमारे ५ कोटी डॉलर धरले, आणि कीड राज्यभर पसरल्यास ते किमान ३२.४ कोटींवर जाईल असा अंदाज मांडला. मोठ्या झाडांना कीड सहन होते हे पुढे अधिक स्पष्ट झाल्याने दुसरा आकडा आज सावधपणे वाचावा लागतो.

नियंत्रण

अंडीपुंज खरवडणे हा सर्वांत सोपा उपाय. सप्टेंबर ते मे या काळात प्लॅस्टिकच्या पातळ पट्टीने पुंज खरवडून अल्कोहोल भरलेल्या पिशवीत टाकतात. नुसता जमिनीवर पाडलेला पुंज फुटू शकतो. लोकांना हे काम आवडते, कारण मारल्याचे समाधान मिळते. पण झाडावरची दोन टक्क्यांहून कमी अंडी जमिनीपासून दहा फुटांच्या आत असतात. म्हणजे हात पोहोचतो तेवढे सगळे पुंज काढले तरी झाडावरचा लोंढा जवळपास तसाच राहतो. खरवडण्याचा खरा उपयोग गाडी, ट्रेलर, दगड आणि लाकूड यांवरची अंडी काढण्यात आहे, कारण तीच पुढे प्रवास करतात. पायाखाली चिरडण्याच्या मोहिमेबद्दलही हेच म्हणता येईल. नव्या ठिकाणी दिसलेला एकेक कीटक मारून कळवणे मोलाचे. लाखो तुडतुडे असलेल्या जंगलाकाठी त्याने फरक पडत नाही.

पिल्ले वाऱ्याने खाली पडतात आणि पुन्हा खोडावरून वर चढतात. या सवयीवर सापळे आधारलेले आहेत. आधी खोडाला चिकट पट्ट्या गुंडाळत. त्यांत तुडतुडे भरपूर सापडले, पण चिमण्या, सुतारपक्षी आणि उडत्या खारीही अडकल्या. उघडी चिकट पट्टी हा म्हणूनच चुकीचा उपाय. लावायचीच तर वर बारीक जाळी हवी. पेकन या अक्रोडासारख्या फळझाडावरच्या सोंड्या किडीसाठी बनवलेला नरसाळ्याच्या आकाराचा जाळीचा सापळा यापेक्षा चांगला. वर चढणारा कीटक जाळीतून पिशवीत जातो, गोंद लागत नाही.

स्वर्गवृक्ष कापण्याबाबत घाई नडते. नुसते तोडले की मुळांतून डझनावारी धुमारे फुटतात. जुलै ते सप्टेंबर या काळात रस मुळांकडे उतरत असतो. तेव्हा बुंध्यावर खाचा पाडून त्यांत तणनाशक भरावे लागते आणि महिनाभर थांबून मग झाड तोडावे लागते. पेनसिल्व्हेनियात यातूनच सापळावृक्षाची पद्धत निघाली. परिसरातली बहुतेक स्वर्गवृक्षे काढायची, बी धरत नाही म्हणून काही नर झाडे ठेवायची आणि त्यांना डायनोटेफ्युरान हे आंतरप्रवाही कीटकनाशक द्यायचे. पर्याय कमी उरल्याने तुडतुडे त्या झाडांवर गोळा होतात आणि रसाबरोबर विष घेतात. मधमाश्यांचा विचार करून हे औषध फुलोरा संपल्यावरच देतात.

द्राक्ष उत्पादकाला हा मार्ग पुरत नाही. बायफेनथ्रिनसारख्या स्पर्शजन्य औषधाने बागेतले तुडतुडे मरतात, पण दुसऱ्या दिवशी जंगलातून नवे येतात. आणि झुंडींचा काळ नेमका काढणीच्या तोंडावर असल्याने फवारणी व तोडणी यांतले बंधनकारक अंतर पाळणे कठीण जाते. तुडतुडे बागेच्या कडेच्या ओळींत जास्त बसतात, म्हणून पूर्ण बागेऐवजी कडा फवारण्यावर भर असतो. घरगुती बागेत कीटकनाशक साबण आणि बागायती तेल पुरते. व्हिनेगर, भांड्यांचा साबण, लसणाचा अर्क हे समाजमाध्यमांवरचे उपाय झाडाला भाजतात, तुडतुड्याला फारसे नाही.

कायद्याची बाजू संगरोधाची. जाहीर केलेल्या काउंटीतून किडीची कोणतीही जिवंत अवस्था बाहेर नेणे बेकायदा ठरते. तेथून मालवाहतूक करणाऱ्या व्यवसायांना प्रशिक्षण आणि परवाना लागतो, तर सामान्य नागरिकांना गाडी आणि सामान तपासण्याची यादी दिली जाते. पेनसिल्व्हेनियात अशा काउंटी २०२० मध्ये २६, २०२१ मध्ये ३४, २०२२ मध्ये ४५ आणि २०२३ मध्ये ५१ होत्या. राज्यात एकूण ६७ आहेत. संगरोधाने प्रसार थांबला नाही हे या आकड्यांत दिसतेच. द्राक्षांच्या भागांत कीड काही वर्षे उशिरा पोहोचावी, एवढीच त्याच्याकडून वाजवी अपेक्षा होती.

नैसर्गिक शत्रू

प्रार्थनाकीटक, कोळी, व्हील बग हा शिकारी ढेकूण आणि काही पक्षी हे तुडतुडे खातात. बुरशींची कामगिरी अधिक लक्षवेधी आहे. ऑक्टोबर २०१८ मध्ये बर्क्स काउंटीतील रेडिंग शहराजवळ बॅटकोआ मेजर आणि बोव्हेरिया बॅसियाना या दोन स्थानिक बुरशींच्या एकत्रित साथीने तुडतुड्यांची मोठी संख्या मेली. बोव्हेरियाची तयार औषधे बाजारात आधीपासून होती. त्यांच्या चाचण्या त्यानंतर सुरू झाल्या. स्वर्गवृक्षाला मारणारी व्हर्टिसिलियम नॉनअल्फाल्फी ही बुरशीही पेनसिल्व्हेनियातच आढळली आहे.

चीनमधून शत्रू आणण्याचा विचारही आहे. अ‍ॅनास्टेटस ओरिएंटॅलिस ही गांधीलमाशी तुडतुड्याच्या अंड्यांत, तर ड्रायनस सायनिकस ही पिल्लांवर आपली अंडी घालते. पहिलीने बंदिस्त प्रयोगशाळेतल्या चाचण्यांत इतर कीटकांच्या अंड्यांवरही हात मारला, त्यामुळे तिला मोकळे सोडण्याचा निर्णय सोपा राहिला नाही. दरम्यान स्पंजी मॉथच्या बंदोबस्तासाठी पूर्वी आणलेली ऊएनसिर्टस कुवानी ही दुसरीच गांधीलमाशी पेनसिल्व्हेनियात लँटर्नफ्लायच्या अंड्यांतून बाहेर पडताना आढळली.