सरकारी अपिलांचा उशीर : माफीचा कायदा कसा घडत गेला

मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सुरू झाले आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतील पक्षकारांची मुंबईची वारी थांबली. धरणे, कालवे आणि रस्ते यांसाठी ज्या भागात पिढ्यान्‌पिढ्या जमिनी गेल्या, तेथील शेतकऱ्याला उच्च न्यायालयाची ओळख बहुधा एकाच कारणाने होते. खालच्या न्यायालयाने मोबदला वाढवून दिलेला असतो आणि त्यावर शासनाचे अपील आल्याची नोटीस त्याच्या हाती पडते. अनेकदा त्या अपिलासोबत विलंब माफीचा अर्जही असतो. या अर्जामागे बराच जुना आणि वळणावळणाचा इतिहास आहे.

दिवाणी हुकूमनाम्याविरुद्ध, म्हणजे दिवाणी न्यायालयाच्या निकालाच्या आदेशाविरुद्ध, उच्च न्यायालयात अपील करण्यासाठी १९६३ च्या मुदत कायद्याने ९० दिवस दिले आहेत. ‘पुरेसे कारण’ दाखवल्यास कलम ५ खाली उशीर माफ होऊ शकतो, आणि ही तरतूद १९०८ च्या कायद्यातही होती. सरकारला स्वतः दावा लावण्यासाठी कायद्याने ३० वर्षांची वेगळी मुदत ठेवली आहे, पूर्वी तर ती ६० वर्षे होती. अपिलासाठी मात्र अशी सवलत कायद्याने कधीच लिहून दिली नाही. जी मिळत गेली ती न्यायनिर्णयांतून.

मूळ तत्त्व १९६१ मध्ये रामलाल विरुद्ध रेवा कोलफील्ड्स या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मांडले आणि तो निर्णय साताऱ्यात जन्मलेले न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिला. मुदत संपताच जिंकलेल्या पक्षाला हुकूमनामा कायम झाल्याचा हक्क मिळतो, तो हलक्या हाताने हिरावून घेता येत नाही, असे त्यात म्हटले आहे. तेथे उशीर अवघा एका दिवसाचा होता, आजारपणाचे कारण खरे होते आणि तो माफही झाला.

वळण आले १९८७ मध्ये, काश्मीरमधील अनंतनागच्या जिल्हाधिकाऱ्यांच्या अपिलात. मोबदल्यात सुमारे १४ लाखांची वाढ झाली होती आणि शासनाचे अपील चार दिवस उशिरा आले होते. शासनयंत्रणेला चेहरा नसतो, टिपण्या लिहिण्याची आणि फाईल पुढे सरकवण्याची सवय तिला वारशाने मिळाली आहे, शिवाय शासन सर्व समाजाचे प्रतिनिधी असते, म्हणून त्याला सावत्रपणाची वागणूक देऊ नये, असे न्यायालय म्हणाले. चार दिवसांसाठी हे उदार धोरण योग्यच होते. पुढे मात्र हाच निर्णय शेकडो दिवसांच्या उशिरासाठी पुढे केला जाऊ लागला आणि फाईल कोणत्या टेबलावरून कोणत्या टेबलावर गेली एवढी तारीखवार जंत्री म्हणजेच कारण, असा समज कार्यालयांत रुजला. १९९६ च्या चंद्रमणी प्रकरणातील सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयाने शासनाची ही सवलत आणखी पक्की केली.

त्याच वर्षी दुसऱ्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, १८९४ च्या भूसंपादन कायद्याच्या कलम १८ खाली वाढीव मोबदल्यासाठी करायच्या अर्जाला मुदत कायद्याचे कलम ५ लागू होत नाही. निवाड्याच्या, म्हणजे भूसंपादन अधिकाऱ्याने मोबदला ठरवण्याच्या, वेळी हजर असलेल्या शेतकऱ्याला हा अर्ज सहा आठवड्यांतच करावा लागे. हुकूमनाम्याच्या वसुलीसाठी करायच्या दरखास्तीलाही ही माफी नाही. एकाच जमिनीच्या वादात दोन पक्षांना लावलेली ही दोन मापे मला सर्वांत अन्यायाची वाटतात. उशिराच्या काळाचे व्याज शेतकऱ्याला मिळते, त्यामुळे त्याचे नुकसान होत नाही, असा युक्तिवाद होतो. पण जुन्या कायद्यानुसार वाढीव रकमेवर पहिल्या वर्षी ९ आणि त्यानंतर १५ टक्के दराने चढणारे हे व्याज शेवटी सार्वजनिक तिजोरीतूनच जाते, आणि ज्या वयात पैसा हवा होता ते वय व्याजाने परत येत नाही.

उलट प्रवाह महाराष्ट्रातील एका प्रकरणात ठळक दिसला. जळगाव मध्यम प्रकल्पाच्या भूसंपादनात १,७२४ दिवसांचा उशीर उच्च न्यायालयाने माफ केला होता, तो आदेश २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. २०१२ मध्ये टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर नाकारताना संगणक आणि दूरसंचाराच्या काळात जुनी सबब चालणार नाही, असे न्यायालयाने बजावले. २०२० मध्ये मध्य प्रदेश शासनाला ६६३ दिवसांच्या उशिरासाठी २५,००० रुपये भरावे लागले. अपील फेटाळल्याचा शिक्का मिळवून जबाबदारी झटकण्यासाठीच अशी प्रकरणे येतात, हे तेव्हा न्यायालयाने उघडपणे सांगितले. २०२४ मध्ये पुण्यातील एका मिळकतीच्या वादात केंद्र सरकारचा १२ वर्षे १५८ दिवसांचा उशीरही माफ झाला नाही.

हा प्रवाह सरळ मात्र नाही. २०२३ मध्ये शिवराज सिंह प्रकरणात ४७९ दिवसांची माफी सर्वोच्च न्यायालयाने कायम ठेवली आणि स्पष्टीकरण वेगळे व सबब वेगळी, असा भेद केला. त्यामुळे प्रत्येक अर्जात उशिराची कारणे तपासावीच लागतात, आणि ती नोंदवण्याचे ओझे प्रतिज्ञापत्र करणाऱ्या अधिकाऱ्यावरच राहते.

कोल्हापूरचे बेंच सुरू होऊन महिना होण्याआधीच, १२ सप्टेंबर २०२५ रोजी, कर्नाटक गृहनिर्माण मंडळाचा ३,९६६ दिवसांचा उशीर माफ करणारा तेथील उच्च न्यायालयाचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला आणि शासकीय संस्थांची सुस्ती उच्च न्यायालयांनी कायदेशीर ठरवू नये, असे सांगितले. येथील विलंब माफीच्या अर्जांनाही आता हेच माप लागेल.