प्रकाशतंतू व बिनतारी जालजोडणी, इमारतींतील

इमारतीच्या आवारापर्यंत आलेली प्रकाशतंतूची (फायबरची) केबल आतल्या घरांपर्यंत किंवा कार्यालयांपर्यंत नेणे, तिच्यातील प्रकाशसंकेतांचे विद्युत् संकेतांत रूपांतर करणे आणि तेथून पुढे तांब्याच्या तारेने व रेडिओ तरंगांनी उपकरणे जालाशी जोडणे, या सलग व्यवस्थेस ही संज्ञा लावतात. साधारण क्रम असा : इमारतीची वाटप-पेटी, स्प्लिटर (एका तंतूतील प्रकाश अनेक तंतूंत वाटणारा घटक), घरात येणारी ड्रॉप केबल, भिंतीवरची छोटी पेटी, ओएनटी (प्रकाशसंकेतांचे विद्युत् संकेतांत रूपांतर करणारी पेटी), राउटर आणि वाय-फायचे प्रक्षेपक. शहराबाहेरून किलोमीटरच्या किलोमीटर आलेल्या तंतूपेक्षा या शेवटच्या वीसपंचवीस मीटरांत बिघाड अधिक होतात, म्हणून या टप्प्याचा स्वतंत्र विचार करावा लागतो.

उगम : काचेतून प्रकाश वळवून नेण्याचे श्रेय कोणाला द्यावे, याबाबत मतभेद आहेत. इंग्रजी परंपरेतील जुनी पाठ्यपुस्तके जॉन टिंडल यांनी १८५४ मध्ये लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये केलेल्या प्रयोगापासून आरंभ करतात. टाकीतून पडणाऱ्या पाण्याच्या धारेत सोडलेला प्रकाश धारेबरोबर वाकतो, हे त्यांनी दाखविले. तथापि जिनीव्हाचे दानिएल कोलादाँ यांनी हाच प्रयोग १८४१ च्या सुमारास केला होता व १८४२ मध्ये तो प्रसिद्धही झाला होता. त्याच सुमारास पॅरिसचे झाक बाबिने यांनी वाकलेल्या काचेच्या दांडीतही असेच घडते, असे नोंदविले. अलीकडील इतिहासलेखकांचा कल कोलादाँ यांच्याकडे आहे आणि उपलब्ध तारखा पाहता तो अधिक ग्राह्य वाटतो.

विसाव्या शतकातील वाद भारतीय वाचकाला जवळचा आहे. २ जानेवारी १९५४ च्या ‘नेचर’च्या एकाच अंकात दोन टिपणे छापली गेली. एक लंडनच्या इंपीरियल कॉलेजातील हॅरॉल्ड हॉपकिन्स व मोगा (पंजाब) येथे जन्मलेले नरिंदर सिंग कपानी यांचे आणि दुसरे नेदरलँड्सचे आब्राहम व्हान हील यांचे. दोन्हींचा हेतू तंतूंच्या जुडग्यातून प्रतिमा नेण्याचा होता; दळणवळणाचा विचार त्यांत नव्हता. कपानी यांच्या जुडग्यातील तंतू उघडे होते. व्हान हील यांनी तंतूवर कमी अपवर्तनांकाचे आवरण असावे असे मांडले आणि ही सूचना त्यांना अमेरिकन प्रकाशविज्ञ ब्रायन ओब्रायन यांच्याकडून मिळाली होती. काचेवर काचेचेच आवरण चढविण्याचे काम लॉरेन्स कर्टिस यांनी १९५६ मध्ये मिशिगन विद्यापीठात केले. आपल्याकडील वृत्तपत्रे कपानी यांना सरसकट ‘प्रकाशतंतूंचे जनक’ म्हणतात. या विद्याशाखेचे इंग्रजी नाव रूढ करण्यात आणि तिचा पाया विस्तारण्यात त्यांचा वाटा मोठा आहे, व २०२१ मध्ये मरणोत्तर मिळालेले पद्मविभूषण सर्वस्वी उचित आहे. मात्र आज घरात येणाऱ्या तंतूची रचना गाभा आणि आवरण या कल्पनेवर उभी आहे व ती व्हान हील, ओब्रायन व कर्टिस यांच्या कामातून आली, हे वेगळे नोंदविणे आवश्यक आहे.

दळणवळणासाठी तंतू वापरता येईल हे चार्ल्स काओ व जॉर्ज हॉकहॅम यांनी १९६६ मध्ये हार्लो (इंग्लंड) येथील प्रयोगशाळेतून मांडले. त्या वेळच्या काचेत दर किलोमीटरला सुमारे १,००० डेसिबल (संकेताची घट मोजण्याचे एकक) घट होत असे. ती २० डेसिबलपर्यंत आणता आली तर व्यवस्था शक्य आहे, हा त्यांचा निष्कर्ष होता. दोष काचेच्या स्वभावात नसून तिच्यातील अशुद्धींत आहे, हे त्यांनी ओळखले. कॉर्निंग कंपनीतील मॉरर, केक व शुल्ट्झ यांनी १९७० मध्ये ही मर्यादा ओलांडली. काओ यांना २००९ चे नोबेल पारितोषिक मिळाले. आजच्या एकपथी तंतूत (ज्याच्या बारीक गाभ्यातून प्रकाश एकाच वाटेने जातो) १,३१० नॅनोमीटर तरंगलांबीला दर किलोमीटरला सुमारे ०.३५ व १,५५० नॅनोमीटरला सुमारे ०.२ डेसिबल इतकीच घट होते.

जोड व घट : एकपथी तंतूचा गाभा सुमारे ९ मायक्रोमीटर, काचेचे आवरण १२५ मायक्रोमीटर आणि त्यावरील लेप २५० मायक्रोमीटर व्यासाचा असतो. असे दोन गाभे समोरासमोर आणण्याचे दोन मार्ग आहेत. पहिला वितळजोड, ज्याला कारागीर ‘स्प्लायसिंग’ म्हणतात : लेप सोलायचा, अल्कोहोलने पुसायचे, क्लीव्हरने टोक काटकोनात तोडायचे आणि विजेच्या ठिणगीने दोन्ही टोके एकजीव करायची. नीट केलेल्या जोडाची घट ०.१ डेसिबलपेक्षा कमी राहते. दुसरा मार्ग कनेक्टरचा. घरांत हिरव्या रंगाचा एससी कनेक्टर आढळतो. त्याचे टोक ८ अंशांनी तिरपे घासलेले असते, जेणेकरून परतणारा प्रकाश गाभ्यात न राहता आवरणात निघून जावा. निळ्या कनेक्टरचे टोक सरळ असते. हिरवा निळ्यात बसतो, पण टोके टेकत नाहीत. मध्ये हवेची फट राहते आणि कित्येक डेसिबल वाया जातात. शिवाय गाभा इतका बारीक की डोळ्यांना न दिसणारा धुळीचा कणही वाट अडवितो, म्हणून प्रत्येक जोडणीपूर्वी टोक तपासून पुसणे हा नियम आहे.

घटीचा हिशेब समजला की व्यवस्थेचे मर्म कळते. एक तंतू स्प्लिटरने अनेक ग्राहकांत वाटणाऱ्या प्रचलित जीपॉन पद्धतीत (आयटीयू-टी या आंतरराष्ट्रीय दूरसंचार मानकसंस्थेचे मानक जी.९८४) खाली, म्हणजे ग्राहकाकडे, २.४८८ व वर, म्हणजे ग्राहकाकडून, १.२४४ गिगाबिट प्रतिसेकंद वेग सर्व ग्राहकांत वाटला जातो. खालचा प्रकाश १,४९० व वरचा १,३१० नॅनोमीटरचा. तिच्या ‘बी अधिक’ वर्गात एकूण २८ डेसिबल घट चालते. समजा १० किलोमीटर तंतूत ३.५ गेले, १:४ व १:८ असे दोन स्प्लिटर मिळून १७.५, सहा वितळजोडांत ०.६ आणि चार कनेक्टरांत २ गेले. बेरीज २३.६ होते, शिल्लक ४.४. म्हणजे निम्म्याहून अधिक मोल केवळ वाटणीचे आहे आणि एक मळका कनेक्टर किंवा खिळ्याभोवती करकचून आवळलेली केबल उरलेली शिल्लक सहज खाऊ शकते. वाकण्याची घट लांब तरंगलांबीला जास्त बसते, त्यामुळे घराकडे येणारा प्रकाश आधी रोडावतो आणि ओएनटीवर लाल दिवा लागतो. कोपरे अटळ असल्याने इमारतींसाठी वाकणे सोसणारे जी.६५७ वर्गाचे तंतू वापरतात. त्यांच्या ए१ प्रकाराची किमान वाकत्रिज्या १० व ए२ ची ७.५ मिलिमीटर धरली आहे, जी.६५२ या साध्या तंतूची ३० मिलिमीटर. मोजणी पॉवर मीटरने व दोषस्थान शोधणे ओटीडीआरने (तंतूत प्रकाशस्पंद सोडून परतणाऱ्या प्रकाशावरून अंतर सांगणाऱ्या उपकरणाने) होते, तर तुटलेली जागा दाखविण्यासाठी लाल प्रकाशाचा पेन पुरतो. हा लाल प्रकाश दिसतो, पण सेवेतील अवरक्त प्रकाश दिसत नाही; जोडलेल्या तंतूच्या टोकात कधीही डोकावू नये, आणि तोडलेले काचेचे तुकडे डबीतच टाकावेत.

बिनतारी भाग : तरंगांद्वारे संदेशवहनाच्या कथेत भारताचे स्थान जगदीशचंद्र बोस यांच्यामुळे आहे. त्यांनी १८९५ च्या सुमारास कलकत्त्यात अतिलघु तरंगांनी दूर ठेवलेली घंटा वाजवून दाखविली. आजच्या वाय-फायचा थेट वंश मात्र १९८५ मध्ये अमेरिकेने रेडिओ तरंगांचे काही पट्टे परवानामुक्त केल्यापासून मोजणे योग्य. वाय-फायचे तांत्रिक मानक ८०२.११ हे १९९७ मध्ये आले; ‘वाय-फाय’ हे नाव १९९९ मधले आहे व ते कशाचेही संक्षिप्त रूप नाही.

ओएनटी व वाय-फाय बहुधा एकाच पेटीत असतात आणि केबल जिथे घरात शिरते तिथेच ती पेटी बसते : दाराजवळ, माळ्यावर, कधी टीव्हीच्या मागे. ही सवय बदलण्याजोगी आहे. प्रकाशतंतूला जागेची पर्वा नसते, रेडिओ तरंगाला असते. ५ गिगाहर्ट्‌झचा संकेत मोकळ्या जागेतही त्याच अंतरावर २.४ च्या तुलनेत सहा-सात डेसिबल क्षीण पोहोचतो, आणि वीट, काँक्रीट व सळ्यांचा स्लॅब त्याला अधिक अडवितात. पुण्यातील जुन्या वाड्यांच्या जाड भिंती याचे परिचित उदाहरण. २.४ च्या पट्ट्यात परस्परांत न मिसळणाऱ्या वाहिन्या १, ६ व ११ एवढ्याच, त्यामुळे दाट वस्तीत शेजाऱ्यांच्या राउटरांची गर्दी होते. उपाय म्हणून तंतू किंवा कॅट-६ वर्गाची तांब्याची केबल घराच्या मध्यापर्यंत नेऊन प्रक्षेपक छताला लावणे श्रेयस्कर. तांब्याच्या केबलची मर्यादा १०० मीटर असून तिच्यातूनच वीजही देता येते, ८०२.३एएफ या मानकात १५.४ व ८०२.३एटी मध्ये ३० वॉट. एकच रेडिओ असलेला रिपीटर (वाय-फायचा संकेत घेऊन पुढे पाठविणारे उपकरण) घेणे व देणे एकाच वाहिनीवर करतो, म्हणून वेग सुमारे निम्मा होतो.

भारतातील नियम : २.४ गिगाहर्ट्‌झचा पट्टा २००५ मध्ये परवानामुक्त झाला. ५ गिगाहर्ट्‌झमध्ये तेव्हा इमारतीच्या आत वापरास मुभा मिळाली, तर २०१८ मध्ये एकूण ६०५ मेगाहर्ट्‌झ मोकळे करण्यात आले. राष्ट्रीय इमारत संहिता २०१६ मध्ये माहिती व संदेशवहन सुविधांसाठी स्वतंत्र विभाग आहे. दूरसंचार नियामक प्राधिकरणाने ऑक्टोबर २०२४ मध्ये मालमत्तांच्या अंकीय जोडणीचे मानांकन करण्याचे विनियम काढले. जुन्या गृहनिर्माण सोसायट्यांत केबलसाठी उभी वाट (डक्ट) नसते. तिथे ती गच्चीवरून भिंतीबाहेर सोडतात, आणि ऊन-पावसात कनेक्टर उघडे पडू नयेत म्हणून जोड खिडकीच्या आत घेऊन पेटी तळाकडून छिद्र ठेवून बसवावी लागते.