हायस्कूल आणि बोर्डिंग : कोल्हापुरातील माध्यमिक शिक्षणाची पार्श्वभूमी

अंबाबाईचे दर्शन घेऊन भवानी मंडपाकडे येणाऱ्या भाविकांच्या गर्दीतून दप्तर सावरत वाट काढणारी मुले दिसतात, ती मेन राजाराम हायस्कूलची. आज ही शाळा जिल्हा परिषदेकडे असून तिला कनिष्ठ महाविद्यालयही जोडलेले आहे. कोल्हापुरातील सरकारी इंग्रजी शिक्षणाची परंपरा मात्र १८५१ पर्यंत मागे जाते. त्या वर्षी संस्थानात इंग्रजी शाळा सुरू झाली, पुढे तिचे हायस्कूल झाले आणि १८७० मध्ये युरोपच्या प्रवासात फ्लॉरेन्स येथे निधन पावलेल्या छत्रपती राजाराम महाराजांचे नाव तिला मिळाले. १८८० मध्ये तिला जोडून कॉलेजचे वर्गही सुरू झाले.

या शिक्षणाच्या पहिल्या पिढीत महादेव गोविंद रानडे होते. त्यांचा जन्म निफाडचा असला तरी वडील कोल्हापूर दरबारच्या नोकरीत असल्याने त्यांचे बालपण येथेच गेले आणि मुंबईला जाण्यापूर्वीचे इंग्रजीचे धडे त्यांनी येथेच गिरवले. त्यांच्यानंतर एका पिढीने गोपाळ कृष्ण गोखले कागलहून कोल्हापुरात आले आणि १८८१ मध्ये मॅट्रिक झाले. शाळेचा गौरव सांगताना ही दोन नावे हमखास घेतली जातात, आणि ते योग्यच आहे. परंतु गोखल्यांच्या शिक्षणामागचा हिशेब त्यांच्या नावाइतकाच लक्षात ठेवण्यासारखा आहे. वडिलांच्या मृत्यूनंतर थोरले बंधू गोविंदराव यांनी शिक्षण सोडून १५ रुपये पगाराची नोकरी धरली आणि त्यातले ८ रुपये ते दरमहा धाकट्या भावाला पाठवीत. परगावच्या मुलाला कोल्हापुरात राहून शिकायचे, तर घरातील एका माणसाच्या अर्ध्याहून अधिक पगाराला मुकावे लागे.

ज्यांच्या घरी तेवढीही सोय नसे, अशा ब्राह्मण मुलांना माधुकरीचा किंवा वार लावून जेवण्याचा आधार होता. सोमवारी एका घरी, मंगळवारी दुसऱ्या घरी असे जेवून शिकलेल्यांच्या आठवणी मराठी आत्मचरित्रांत जागोजागी आढळतात. कुणब्याच्या, धनगराच्या किंवा मोमीनाच्या मुलासाठी शहरात अशी सात घरे नव्हती आणि महार-मांगाच्या मुलाला तर उंबऱ्याच्या आतच प्रवेश नव्हता. शाळा सरकारी होती आणि संस्थानच्या तिजोरीतून चालत होती, तरी ज्या रयतेच्या साऱ्यावर ती चालत होती त्या रयतेची मुले तिच्यात फारशी नव्हती, याचे मोठे कारण मला या भाकरीच्या प्रश्नात दिसते.

त्याचा परिणाम दरबारात उमटला होता. १८९४ मध्ये शाहू महाराजांनी कारभार हाती घेतला तेव्हा संस्थानच्या सामान्य प्रशासनातील ७१ पदांपैकी ६० पदांवर ब्राह्मण अधिकारी होते. हे चित्र बदलायचे तर शिकलेले उमेदवार हवेत, आणि उमेदवार हवेत तर खेड्यातला मुलगा मॅट्रिकपर्यंत शहरात टिकला पाहिजे. १८९६ मध्ये सर्व जातींसाठी मिळून एक वसतिगृह काढण्यात आले, पण काही वर्षांतच ते व्यवहारात एकाच वर्गाचे होऊन बसले. या अनुभवानंतर महाराजांनी त्या त्या समाजाला पुढे करून वसतिगृहे उभारण्याचा मार्ग धरला. १९०१ मध्ये व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग आणि दिगंबर जैन बोर्डिंग, १९०६ मध्ये मुस्लिम बोर्डिंग, १९०७ मध्ये वीरशैव लिंगायत बोर्डिंग आणि १९०८ मध्ये अस्पृश्य मानल्या गेलेल्या मुलांसाठी मिस क्लार्क वसतिगृह निघाले. या कामाला दरबारातून जागा, रोख रक्कम आणि वार्षिक अनुदान मिळत गेले. दसरा चौकात उभे राहिले की यांतील काही इमारती आजही एकमेकींच्या शेजारी दिसतात. २६ जुलै १९०२ चा ५० टक्के राखीव जागांचा जाहीरनामाही याच क्रमात वाचावा लागतो, कारण त्या जागा भरणारी मुले बोर्डिंगमध्ये राहून हायस्कूलमध्ये शिकणार होती.

जातवार वसतिगृहांमुळे जातीच्या भिंती पक्क्या होतील, असा आक्षेप तेव्हाही होता आणि तो निराधार म्हणता येत नाही. कुंभोजचे भाऊराव पाटील राजाराम हायस्कूलमध्ये शिकत असताना जैन बोर्डिंगमध्ये राहत होते. मिस क्लार्क वसतिगृहाच्या कार्यक्रमाला हजर राहून परतल्यावर शुद्धीसाठी अंघोळ करायला त्यांनी नकार दिला आणि त्यापायी त्यांना बोर्डिंग सोडावे लागले, असा प्रसंग त्यांच्या चरित्रांत येतो. ते मॅट्रिक झाले नाहीत. १९१९ मध्ये त्यांनी रयत शिक्षण संस्था स्थापन केली आणि पुढे साताऱ्याच्या बोर्डिंगमध्ये सर्व जातींची मुले एका पंगतीला बसवली. राजाराम हायस्कूलच्या माजी विद्यार्थ्यांत त्यांचे स्थान मला रानडे-गोखल्यांइतकेच मोठे वाटते, कारण शाळेबाहेरच्या राहण्याजेवणात जे त्यांनी सोसले तेच त्यांच्या कामाचे बीज ठरले.

मुलींची वाट याहून अरुंद होती. शाहू महाराजांनी रखमाबाई केळवकर यांच्याकडे स्त्री-शिक्षणाची देखरेख सोपवली; मात्र मुलींसाठी मुलांच्या तोडीची वसतिगृहे त्या काळात उभी राहिली नाहीत आणि त्यामुळे शिकणाऱ्या मुली बहुतेक शहरातल्याच राहिल्या.

१९१७ मध्ये प्राथमिक शिक्षण सक्तीचे आणि मोफत करण्याचा निर्णय झाला आणि मुलाला शाळेत न पाठवणाऱ्या पालकाला महिना एक रुपया दंड ठरला. १९१९ मध्ये अस्पृश्य मुलांच्या वेगळ्या शाळा बंद करून त्यांना सर्वांबरोबर बसवण्याचा हुकूम निघाला. मराठी चौथीनंतर इंग्रजी पहिली ते सातवी असा तेव्हाचा क्रम होता आणि सातवीच्या शेवटी मुंबई विद्यापीठाची मॅट्रिक असे. गावात चौथी झालेल्या मुलांची संख्या वाढू लागली, तशी हायस्कूलची आणि बोर्डिंगांची गरजही वाढत गेली.

१ मार्च १९४९ रोजी संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. त्याच सुमारास एस. टी. आली, आणि विद्यार्थ्यांच्या दिनक्रमावर तिचा परिणाम विलीनीकरणापेक्षा अधिक झाला असावा, असे मला वाटते. करवीर, पन्हाळा, कागल या भागांतला मुलगा आता सकाळच्या गाडीने येऊन संध्याकाळी घरी परतू लागला. ज्या मुलांचे गाव लांब होते, त्यांना गाडीतून घरचा डबा येऊ लागला. भाकरी, झुणका आणि खर्डा भरलेला तो डबा उतरवून घ्यायला मुले स्टँडवर जात. १९७५ मध्ये अकरावीची जुनी एस. एस. सी. जाऊन दहावी आली आणि अनेक हायस्कुलांना कनिष्ठ महाविद्यालये जोडली गेली. गावोगावी माध्यमिक शाळा निघाल्यावर आठवीसाठी कोल्हापूर गाठण्याची गरज कमी झाली, तरी बोर्डिंगे ओस पडली नाहीत. हायस्कूलच्या मुलांची जागा तेथे हळूहळू कॉलेजच्या आणि स्पर्धा परीक्षांच्या विद्यार्थ्यांनी घेतली.